रविवारचं चिकन, बुधवारचा भात

या महिन्यात आलेले बरेचसे प्रश्न एकाच पातेल्याभोवती फिरणारे आहेत. रविवारी केलेलं चिकन उरतं, त्याचा एकाच भांड्यात भात करायचा असतो, आणि मग कधी भात चिकट होतो, कधी खाली लागतो, कधी चिकनचा चोथा होतो. त्यातले निवडक प्रश्न घेतले आहेत. मापासाठी सगळीकडे २०० मिलीची वाटी धरली आहे. तिच्यात साधारण १६५ ग्रॅम तांदूळ बसतो.

प्रश्न (दादर): आमच्याकडे खोबऱ्याच्या वाटणाचं चिकन होतं. सहा-सात तुकडे आणि दीड वाटी रस्सा हमखास उरतो. त्यातच तांदूळ आणि पाणी घालून कुकरला लावलं की भात मऊ होतो आणि चिकन चोथ्यासारखं लागतं. कुठे चुकतं?

उत्तर: चिकन दुसऱ्यांदा शिजतंय, तिथेच चुकतं. पहिल्यांदा शिजताना मांसाचे धागे आकसतात आणि त्यांच्यातलं पाणी रस्स्यात उतरतं. कुकरमध्ये तापमान १२० अंशांच्या आसपास जातं, तिथे उरलंसुरलं पाणीही निघून जातं. छातीचा तुकडा सगळ्यात आधी कोरडा पडतो. तंगडी थोडा तग धरते, कारण तिच्यात चरबी जास्त असते. म्हणून तांदूळ रस्स्यात शिजवायचा आणि चिकन भाताच्या वाफेवर नुसतं गरम करायचं. बाकीची कृती या एका गोष्टीभोवती बसवा.

चार माणसांना २ वाट्या बासमती घ्या. तीन पाण्यांनी धुऊन अर्धा तास भिजवा, मग चाळणीत १० मिनिटं निथळत ठेवा. तेवढ्या वेळात तुकड्यांवरचं मांस अंगठ्याएवढ्या आकाराचं सोडवून घ्या. त्याहून बारीक करू नका, बारीक धागे भातात हरवतात आणि कोरडे लागतात. सुटलेली हाडं (अर्थात ताटात न वाढलेल्या तुकड्यांचीच) ४ वाट्या पाण्यात, ठेचलेलं आलं आणि पाच-सहा मिरीदाणे घालून २० मिनिटं मंद उकळा आणि गाळा. साधारण ३ वाट्या पाणी हाती येतं. साध्या पाण्यातल्या भातात आणि या पाण्यातल्या भातात जो फरक पडतो, तो कुठल्याही तयार मसाल्याने पडत नाही.

फ्रिजमधून काढलेल्या रस्स्यावर तेलाचा थर गोठलेला असतो. तो चमच्याने अलगद उचलून जाड बुडाच्या पातेल्यात घाला, फोडणीला तेच तेल. कमी पडलं तर वरून चमचाभर तूप. तमालपत्र, दोन लवंगा, दालचिनीचा बोटभर तुकडा, मग एक मोठा कांदा उभा चिरून चांगला तांबूस होईपर्यंत परता. याला दहा मिनिटं लागतात आणि ती द्यायलाच हवीत, भाताचा रंग आणि गोडवा इथे ठरतो. रस्स्यातला मसाला मात्र पुन्हा परतत बसू नका. तो आधीच शिजलेला आहे, आणि खोबऱ्याचं वाटण दुसऱ्यांदा परतलं की करपून कडवट होतं. रस्सा ओता, उकळी येऊ द्या आणि त्या उकळत्या रस्स्यात चिकनचे थंड तुकडे मिनिट-दोन मिनिटं बुडवून झाऱ्याने ताटलीत काढून झाका.

आता पाण्याचा हिशोब. उघड्या पातेल्यात २ वाट्या भिजवलेल्या बासमतीला एकूण साडेतीन वाट्या पाणी लागतं. रस्सा पातळ असेल तर तो पूर्ण मोजा. वाटणाचा दाट रस्सा मात्र निम्माच मोजायचा, कारण त्यातला निम्मा ऐवज खोबरं आणि कांदा आहे, तो तांदळाला शिजवत नाही. म्हणजे दीड वाटी दाट रस्सा पाऊण वाटी धरायचा आणि हाडांचं गरम पाणी पावणेतीन वाट्या घालायचं. मीठ आधी एकच छोटा चमचा, कारण रस्स्यात मीठ आहेच. ढवळून पाणी चाखा, ते आमटीपेक्षा किंचित खारट लागायला हवं. तांदूळ मीठ ओढून घेतो.

तांदूळ घालून एकदाच हलक्या हाताने, बूड खरवडून हलवा आणि मोठ्या आचेवर उकळू द्या. सात-आठ मिनिटांत पाणी तांदळाच्या पातळीला येतं आणि वर बारीक भोकं दिसू लागतात. हीच वेळ. चिकनचे तुकडे वर पसरा, मूठभर पुदिना-कोथिंबीर घाला, घट्ट झाकण ठेवून त्यावर पाण्याने भरलेला तांब्या ठेवा, पातेल्याखाली तवा सरकवा आणि अगदी मंद आचेवर १२ मिनिटं ठेवा. आवाज ऐकत राहा. आधी खदखद ऐकू येते, ती थांबून बारीक तडतड सुरू झाली की खालचं पाणी संपलं, गॅस बंद करा. त्यानंतरची दहा मिनिटं झाकण उघडायचं नाही. ती वाफ चिकनसाठी आहे. मग कडेने उलथणं घालून खालचा भात वर आणा आणि अर्ध्या लिंबाचा रस शिंपडा.

प्रश्न (परळ): आम्ही सोमवारी आणि मंगळवारी मांसाहार करत नाही, त्यामुळे रविवारचं चिकन थेट बुधवारी निघतं. सासूबाई रोज रस्स्याला उकळी काढून ठेवायला सांगतात. तसं केलं की पुरतं का?

उत्तर: फ्रिज नव्हते तेव्हा रोजची उकळी हाच उपाय होता, आणि सासूबाईंचा हात त्याच सवयीचा आहे. पण उकळीने जंतू मरतात, त्यांतल्या काहींनी आधी तयार केलेलं विष मात्र उकळीनेही जात नाही. शिवाय दर उकळीला चिकन आणखी वाळतं, आणि ओट्यावर निवत पडलेला प्रत्येक तास धोक्याचाच असतो.

शिजलेलं चिकन बाहेर दोन तासांपेक्षा जास्त ठेवू नये. हवा ३२ अंशांच्या वर असेल तर एकच तास. आपल्या मे महिन्यात आणि ऑक्टोबरच्या उकाड्यात गॅस चालू असलेलं स्वयंपाकघर या दुसऱ्या हिशोबातच धरा. ४ अंश किंवा त्याखालच्या फ्रिजमध्ये शिजलेलं चिकन तीन ते चार दिवस टिकतं. रविवार दुपार ते बुधवार रात्र म्हणजे त्या मुदतीचं अगदी टोक. दिवसातून वीस वेळा उघडणाऱ्या घरच्या फ्रिजवर तेवढा भार टाकू नका.

बुधवारीच खायचं हे ठरलेलं असेल तर रविवारी जेवणं झाल्या झाल्या ते फ्रीझरला टाका. तुकडे एका चपट्या डब्यात, रस्सा दुसऱ्यात. रस्स्याची उंची दोन इंचांपेक्षा जास्त नको, खोल पातेल्यात मधला भाग तासन् तास कोमट राहतो. बुधवारी सकाळी तुकड्यांचा डबा खालच्या कप्प्यात उतरवून ठेवा. रस्सा गोठलेलाच पातेल्यात टाकला तरी चालतो. खोबऱ्याचा रस्सा फ्रीझरमधून निघाल्यावर फाटल्यासारखा दिसतो, तो उकळला की बहुतेक सावरतो. त्या रात्री केलेला भात मात्र तेव्हाच संपवा. चिकन तिसऱ्यांदा गरम करू नये.

प्रश्न (गोरेगाव): ऑफिसमधून पोचायला साडेआठ होतात. पातेल्यापाशी उभं राहायला वेळ नाही, कुकरच हवा. काही मार्ग?

उत्तर: आहे. कुकरमध्येच फोडणी करा, रस्सा उकळा, तुकडे त्यात दोन-तीन मिनिटं गरम करून झाकून बाजूला ठेवा. मग तांदूळ. कुकरमधून वाफ कमी जाते म्हणून पाणीही कमी लागतं. २ वाट्या भिजवलेल्या बासमतीला रस्सा धरून ३ वाट्या, मोठ्या आचेवर एक शिट्टी आणि गॅस बंद. कोलम असेल तर १५ मिनिटं भिजवून साडेतीन वाट्या, मध्यम आचेवर दोन शिट्ट्या. वाफ आपोआप जिरू द्या. शिट्टी उचलून वाफ सोडली की भाताचं शीत तुटतं. झाकण पडलं की तुकडे वर पसरा, शिट्टी न लावता झाकण ठेवा आणि पाच मिनिटं अगदी मंद आच द्या. तुकडा मधोमध मोडून पाहा, आतपर्यंत वाफाळता हवा. घरी स्वयंपाकाचा थर्मामीटर असेल तर ७४ अंश. हाडांचं पाणी रविवारीच काढून फ्रीझरमध्ये ठेवलंत तर ऑफिसातून आल्यावरचं निम्मं काम वाचतं.

प्रश्न (मुलुंड): हॉटेलातून आणलेली अर्धी तंदुरी उरली होती. तिचा भात केला, तो कडू झाला.

उत्तर: करपलेल्या कडा पाण्यात उकळल्या गेल्या असणार. तंदुरीचा काळा भाग भाजलेला चांगला लागतो, उकळला की त्याचा कडूपणा सगळ्या भातात पसरतो. तो सुरीने खरवडून टाका. हाडांचं पाणी काढायचंच असेल तर १५ मिनिटांवर नको. सोबत आलेला कांदा, कोबी, लिंबाच्या फोडी पातेल्यात घालू नका. वर भुरभुरलेल्या चाट मसाल्यात काळं मीठ असतं, ते मोजून मीठ एरवीच्या दोन तृतीयांश घ्या.

इथे रस्सा नाही, त्यामुळे भाताला ओलावा दुसरीकडून द्यावा लागतो. कांदा तांबूस झाल्यावर आलं-लसूण, दोन चिरलेल्या मिरच्या, अर्धी वाटी मटार, आणि आच अगदी मंद करून तीन चमचे घोटलेलं दही. गरम मसाला नको, तंदुरीला तो लागलेला आहे. छातीचा भाग धाग्यांच्या आडव्या दिशेने कापा. धागे आखूड झाले की तेच कोरडं मांस खाताना मऊ लागतं. तुकडे वर दिलेल्या वेळीच, शेवटी घाला.

प्रश्न (गिरगाव): खाली करपतं आणि वरचा तांदूळ कच्चा राहतो. आच कमी केली तरी तेच.

उत्तर: आचेपेक्षा दाट रस्सा कारणीभूत आहे. वाटण जड असतं, ते तळाला बसतं आणि पाणी वर फिरेनासं होतं. रस्सा गरम पाण्यात आधी पूर्ण सैल करा आणि उकळी आल्यावरच तांदूळ घाला. बटाटा घालत असाल तर चकत्या करून तांदळाच्या आधी पाच मिनिटं शिजवा. टोमॅटो, दही किंवा कोकमाच्या आंबटपणात तो शिजायला फार वेळ घेतो, आणि त्याची वाट पाहता पाहता भात लागतो.

लागलाच, तर ढवळू नका, ढवळलं की करपट वास सगळ्या भातात जातो. वरचा भात दुसऱ्या पातेल्यात काढून घ्या. कच्चा असेल तर चमच्याच्या दांड्याने सात-आठ भोकं पाडा, चार चमचे उकळतं पाणी शिंपडा आणि तव्यावर ठेवून सात मिनिटं वाफ द्या. नुसता खाली धरला असेल, करपला नसेल, तर पातेलं ओल्या फडक्यावर पाच मिनिटं ठेवा. खरपुडी आपोआप सुटते. घरात तिच्यासाठी मागणी असतेच.

प्रश्न (बोरिवली): घरात इंद्रायणीच असतो. त्याचा असा भात मोकळा कसा करावा?

उत्तर: करू नये. इंद्रायणी आणि आंबेमोहोर हे चिकट होणारेच तांदूळ आहेत, आणि त्यांचा वास, मऊपणा आसट भातातच खुलतो. १ वाटी तांदळाला रस्सा धरून पावणेतीन वाट्या पाणी, भरड मिरी, शेवटी तूप. या भातात चिकन बारीक सोडवून घातलं तरी शोभतं. लहान मुलं आणि दात नसलेली आजी, दोघांनाही तो चालतो. मोकळाच हवा असेल तर वाडा कोलम आणा, बासमतीच्या मागे लागायची गरज नाही.

प्रश्न (विक्रोळी): लालबागहून कांडून आणलेला मसाला यंदा जहाल निघाला. रस्सा तिखट आणि खारट, दोन्ही झालाय. भातात बटाटा घातला तर मीठ ओढेल का?

उत्तर: बटाटा आपल्यापुरतं खारट पाणी पितो, रस्स्याचा खारटपणा तसाच राहतो. उपाय पातळ करण्याचाच. रस्सा एक वाटीच वापरा, उरलेला फ्रीझरला टाका. तांदूळ अर्धी वाटी वाढवा, हाडांचं पाणी बिनमिठाचं ठेवा आणि वरून मीठ घालूच नका. तिखटासाठी पाण्यातली अर्धी वाटी कमी करून तेवढंच नारळाचं दूध घाला, पण तुकडे पसरताना, आधी उकळलंत तर ते फाटतं. सोबत कांद्याची दह्यातली कोशिंबीर करा आणि तिलाही मीठ लावू नका.