शर्यतीत पाय उचलतच नाहीत असं स्वप्न पडतंय, त्याचा अर्थ काय लावायचा

भावा, तुझा प्रश्न दोनदा वाचला. पोलीस भरतीचं ग्राउंड, म्हणजे मैदानी चाचणी, तीन आठवड्यांवर आलंय आणि आठवड्यातनं तीन-चारदा पहाटे तेच स्वप्न, १६०० मीटरचा शेवटचा राउंड, पाय चिखलात रुतल्यासारखे जड, रूम पार्टनर बाजूने निघून जातो, फिनिशची रेघ पुढे पुढे सरकत राहते आणि तू दचकून उठतोस. आत्या म्हणते पहाटेचं स्वप्न खरं होतं, यूट्यूबवर कुणी सांगितलं शर्यत हरणं म्हणजे नुकसान, आणि तू विचारतोयस की या वेळी ग्राउंडला जाऊच नये का. जा. आधी हे सांगून टाकते, बाकीचं सावकाश वाच.

मी शाळा-कॉलेजात ८०० मीटर पळायचे, आता बारा वर्षं झाली सकाळी पोरापोरींची ग्राउंडची तयारी करून घेतेय आणि स्वप्नं वहीत लिहून ठेवायची सवय त्याच्याही आधीची. दर बॅचला शेवटच्या पंधरा दिवसांत कुणी ना कुणी हेच सांगत येतं. कुणाची एसटी चुकते, कुणाला हॉल तिकीट सापडत नाही, कुणाच्या बुटाचा सोल भर राउंडमध्ये निघतो, एका पोरीला तर गोळा हातातून सुटायचाच नाही. त्यातली बरीच आज वर्दीत आहेत.

पाय जड का होतात ते आधी बघू. १९५३ साली शिकागोत संशोधकांनी झोपेतला एक टप्पा शोधून काढला ज्यात मिटलेल्या पापण्यांखाली डोळे भराभर हलत असतात, त्याला रेम झोप म्हणतात, आणि जिवंत, गोष्टीसारखी स्वप्नं जास्त करून त्याच वेळी पडतात. त्या वेळी मेंदू अंगातले बहुतेक स्नायू बंद करून ठेवतो, श्वासाचे आणि डोळ्यांचे सोडून, नाहीतर स्वप्नात पळणारा माणूस खरोखर अंथरुणातून उठून पळाला असता. म्हणजे तू आतून पळायचा हुकूम सोडतोस आणि पाय काही हलत नाहीत, आणि तो अडकलेपणाच स्वप्नात चिखल होऊन येत असावा असं काही अभ्यासक मानतात. मला ते पटतं. तुझ्या पायातल्या ताकदीशी याचा काही संबंध नाही.

आणि पहाटेचं म्हणशील तर रेमचा हा फेरा साधारण दर दीड तासाने येतो, रात्रीच्या सुरुवातीला छोटा असतो आणि पहाटेकडे लांबत जातो, त्यात तू प्रॅक्टिससाठी चारचा अलार्म लावतोस म्हणजे बरोबर लांब स्वप्नाच्या मधोमध उठतोस, म्हणून ते एवढं ठळक आठवतं. आत्याला वाईट वाटेल असं काही बोलू नकोस, ती काळजीपोटीच म्हणते. तिला चरकसंहितेतलं सांग, त्यात स्वप्नांचे सात प्रकार दिलेत, पाहिलेलं, ऐकलेलं, अनुभवलेलं, मनाने मागितलेलं, कल्पनेतलं, पुढचं सुचवणारं आणि दोषांमुळे पडणारं, आणि यातल्या पहिल्या पाचांना फळ नसतं असं तिथे स्पष्ट लिहिलंय. तू दिवसभर ट्रॅक बघतोस, ट्रॅकवर पळतोस, रात्री रूमवर गप्पाही टायमिंगच्याच. मनी वसे ते स्वप्नी दिसे, आपल्या म्हाताऱ्या माणसांनी हेही सांगून ठेवलंय की.

स्पर्धेच्या स्वप्नांवर मला सगळ्यात धीर देणारी वाटते ती पॅरिसमधली पाहणी, २०१४ सालची. मेडिकलच्या प्रवेशासाठी तिथे भयंकर चुरशीची परीक्षा असते, ती दिलेल्या ७१९ जणांना विचारलं, तर सुमारे ६० टक्के जणांना आदल्या रात्री परीक्षेचंच स्वप्न पडलं होतं आणि त्यातल्या ७८ टक्के स्वप्नांत काहीतरी बिघडलेलंच होतं, उशीर झाला, उत्तर आठवेना, असलंच. पण ज्यांना अशी स्वप्नं जास्त पडत होती त्यांचे मार्क सरासरीने चांगले निघाले. स्वप्नामुळे मार्क मिळाले असं मी म्हणत नाही, बहुतेक ज्याचा जीव त्यात गुंतलाय त्यालाच ती पडतात. पण अपशकुन असता तर आकडे उलटे दिसले असते ना.

आता अर्थ. "शर्यत हरली म्हणजे नुकसान" असली यादी कुणी दिली तर सोडून दे, मग ती छापलेली असो नाहीतर व्हिडिओतली. दुसऱ्या शतकात आर्टेमिडोरस नावाचा ग्रीक स्वप्नपाठक होता, तो जत्रांतून, खेळांच्या मेळ्यांतून फिरून लोकांची स्वप्नं गोळा करायचा, आणि तोसुद्धा आधी विचारायचा की स्वप्न पाहणारा कोण, काय धंदा करतो, आजारी आहे का, कारण एकच स्वप्न दोघांना दोन अर्थांनी लागू पडतं. जवळजवळ अठराशे वर्षांपूर्वी हे कळत होतं. शर्यतीचं चित्र सगळ्यांचं सारखंच असतं रे, तुझं स्वतःचं जे काही असतं ते कडेला कुठेतरी असतं, तिथे बघ.

माझंच सांगते. कॉलेज सुटल्यावरही सहा-सात वर्षं मला एक स्वप्न पडायचं. ८०० मीटरचा दुसरा राउंड, छातीवरच्या नंबरची वरची सेफ्टी पिन निघालेली, कापड फडफडतंय, मी एका हाताने नंबर दाबून धरून पळतेय आणि हात हलवता येत नाही म्हणून मागे पडतेय. मी कायम समजायचे की ही हरायची भीती. मग एकदा वहीत सगळं बारकाईने लिहायला बसले, आजूबाजूला काय होतं तेसुद्धा, तेव्हा लक्षात आलं की स्वप्नात बाकीच्या मुली मला दिसतच नाहीत. दिसतं ते टाइमकीपरचं टेबल, त्याच्या सावलीत काढून ठेवलेल्या वडिलांच्या चपला, उजव्या चपलेचा अंगठा तारेने शिवलेला. वडील माझ्या स्पर्धेला यायचे तेव्हा त्या दिवसाची मजुरी बुडायची. मी हरण्याला घाबरत नव्हतेच, त्यांचा दिवस वाया गेला असं त्यांना वाटेल का, ते मला खात होतं. ते मी त्यांना एकदा बोलून दाखवलं, घरी चहा घेताना. ते म्हणाले, "अगं तुला पळताना बघायला यायचो, नंबर बघायला नाही." त्यानंतर ते स्वप्न मोजून दोनदा पडलं असेल.

म्हणून तुझ्या स्वप्नात मला चिखलापेक्षा रूम पार्टनर महत्त्वाचा वाटतो. तुम्ही एकाच खोलीत राहता, एकच डबा खाता, आणि ग्राउंडवर एकाच मेरिट लिस्टसाठी पळणार. पन्नास मार्कांच्या ग्राउंडमध्ये वीस एकट्या १६०० चे. जिवाभावाच्या मित्राचा हेवा वाटणं आणि वाटला म्हणून स्वतःचीच लाज वाटणं, हे दिवसा कुणी कबूल करत नाही, रात्री ते बाहेर पडतं. हे असेलच असं नाही, मी लांबून बोलतेय, पण एकदा स्वतःला विचारून बघ. आणि ती सरकणारी रेघ, मागच्या वर्षी तू कटऑफला थोडक्यात राहिलास असं तूच लिहिलंयस, मग रेघ सरकणार नाही तर काय होणार.

एक उपाय सांगते, वारंवार पडणाऱ्या वाईट स्वप्नांवर डॉक्टरसुद्धा तो वापरतात. दुपारी, रात्री नाही, दहा मिनिटं शांत बसायचं, स्वप्न कागदावर लिहायचं आणि जिथे बिघडतं तिथून पुढचं आपल्या मनाने बदलून लिहायचं, मग ते बदललेलंच डोळ्यांसमोर आणायचं, रोज. तुझ्यासाठी बदल असा कर की चौथ्या राउंडला चिखल येतो, तू नजर खाली घेतोस, हात जोरात मारतोस, पाय सुटतात. पाच मिनिटं दहा सेकंदांचं टायमिंग हवं तर राउंडला साडेसत्त्याहत्तर सेकंद पडतात, तो आकडाही त्यात घाल, घड्याळ दिसू दे. दोन-तीन आठवड्यांत फरक पडलेला मी पाहिलाय, सगळ्यांना नाही पण पुष्कळांना. अलार्म पुढे ढकलता येत नसेल तर झोप अलीकडे ओढ, दहाला मोबाइल बंद. आणि झोपायचीच भीती वाटायला लागली, दिवसासुद्धा छातीत धडधडत राहिलं तर अंगावर काढू नकोस, डॉक्टरला दाखव, नाहीतर टेलि-मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ नंबर आहे, फुकट आहे, मराठीत बोलतात.

अजून एक विचारायचं राहिलं. स्वप्नात पार्टनर पुढे निघून जातो तेव्हा तो मागे वळून बघतो का, आणि बघत असेल तर त्याचा चेहरा कसा असतो? उद्या उठल्या उठल्या, मोबाइल हातात घ्यायच्या आधी, तेवढं लिहून ठेव आणि मला सांग.