वाचकांचे प्रश्न : नाशिकच्या काळ्या पाषाणात शंख का सापडत नाहीत?

प्रश्न : पांडवलेण्याच्या डोंगराजवळ एका दगडावर नेच्याच्या पानासारखी काळी नक्षी दिसली, तर दुसऱ्याच्या पोकळीत पांढरे स्फटिक. हे समुद्री जीवाश्म आहेत का? गोदावरीच्या दुसऱ्या टोकाला, राजमहेंद्रीकडे, शंखांचा दगड निघतो म्हणतात. मग आपल्याकडे का नाही? – गंगापूर रोड, नाशिक

उत्तर : दोन्ही जीवाश्म नव्हेत. काळी नक्षी मँगनीजच्या ऑक्साइडची आहे. भेगेत झिरपणाऱ्या पाण्याने ती साचवली. दहापट भिंगाखाली धरा. पानाची मधली शीर दिसणार नाही आणि नक्षीला जाडीही नसेल. पांढरे स्फटिक बहुधा झिओलाइट गटातले, म्हणजे स्टिल्बाइट किंवा ह्यूलँडाइट. लाव्हात अडकलेल्या वायूच्या पोकळ्यांत ते नंतर वाढले. सिन्नरच्या गारगोटी संग्रहालयात त्यांचे देखणे नमुने आहेत, एकदा जरूर पाहा.

‘व्हिनेगर टाकल्यावर फसफसला, म्हणजे शिंपलाच’ हे मात्र धरून चालू नका. बेसाल्टच्या, म्हणजे आपल्या काळ्या पाषाणाच्या, पोकळ्यांत कॅल्साइट हे चुन्याचे खनिजही असते आणि तेही फसफसते. शिंपला ओळखायचा तो कडेशी समांतर जाणाऱ्या वाढीच्या रेषांवरून. आणि लेण्यांच्या आवारात दगड फोडू नका, ते संरक्षित स्मारक आहे.

नाशिकचे डोंगर सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी जमिनीवर पसरलेल्या लाव्हाचे आहेत. इथे समुद्र नव्हता, मग शंख कुठून येणार? राजमहेंद्रीला त्या काळी किनारा होता. विलक्षण गोष्ट अशी, की तिथला लाव्हा रासायनिक घडणीत आपल्या सह्याद्रीतल्या आंबेनळी आणि महाबळेश्वर या लाव्हाथरांशी जुळतो. जुन्या नदीखोऱ्यांतून तो हजारेक किलोमीटर वाहत किनाऱ्यापर्यंत पोचला असावा, असे भूवैज्ञानिक मानतात. राजमहेंद्रीजवळच्या पांगिडी-दुदुकूरूच्या बाजूला लाव्हाखाली टरिटेला या लांबट, मळसूत्री शंखांचा चुनखडक मिळतो. लाव्हाच्या दोन थरांमध्ये पुन्हा गाळाचा खडक आहे, त्यात कालवे, खाडीतले शंख आणि गोड्या पाण्यातल्या गोगलगायीही आहेत. नदी आणि समुद्र जिथे एकमेकांत मिसळत होते, तीच ही जागा. याच मधल्या थरात डायनासोर संपल्यानंतर लगेचच्या काळातली समुद्री सूक्ष्मजीवांची कवचे मिळाली आहेत, म्हणून जगभरचे अभ्यासक या खाणींकडे वळतात.

प्रश्न : राजमहेंद्रीजवळच्या खाणीतून, परवानगी घेऊन, टरिटेलाचा दगड आणला. व्हिनेगरमध्ये ठेवला तर माती सुटली, पण शंखांवरचे कंगोरेही पुसट झाले. आता काय करावे? – सिडको, नाशिक

उत्तर : शंखही चुन्याचा आणि भोवतालचा दगडही चुन्याचा. आम्ल दोघांत फरक करत नाही. गेलेले कंगोरे परत येणार नाहीत, उरलेले जपू या.

आधी दगडाची एक चिप तासभर पाण्यात ठेवा. ती विरघळून चिखल झाली, तर पाणी वर्ज्य. कोरड्या ब्रशनेच काम करा. टिकली, तर साध्या पाण्यात मऊ दातब्रशने धुऊन सावलीत दोन-तीन दिवस वाळवा. चिकटलेला दगड जाड सुईने, भिंगाखाली, कणाकणाने काढा. सुईचे टोक नेहमी शंखापासून बाहेरच्या दिशेने चालवा; आत वळवलेत की निसटून ओरखडा पडतो.

भुगा सुटत असेल तर पॅरालॉइड बी-७२ हे ॲक्रिलिक राळ वापरा : १०० मिलिलिटर शुद्ध ॲसिटोनला ५ ग्रॅम. राळ पातळ कापडात बांधून घट्ट झाकणाच्या काचेच्या बरणीत रात्रभर टांगून ठेवा. खिडक्या उघड्या ठेवा, जवळपास गॅस पेटता नको. दगड खडखडीत वाळलेला हवा. ओलसर राहिला किंवा पावसाळी हवेत हे केले, तर पांढरट सायीचा थर धरतो. नाशिकला हे काम दिवाळीनंतर करावे. फेव्हिकॉल किंवा वॉर्निश लावू नका, पुढे ते काढता येत नाही.

सर्वांत महत्त्वाचे, दगडावर क्रमांक घाला आणि वहीत गाव, खाण, तारीख लिहा. दगड लाव्हाखालच्या थरातला की दोन लाव्हांमधला, हेही नोंदवा. ही नोंद नसेल तर अभ्यासाच्या दृष्टीने दगड मुका होतो.

प्रश्न : कोकणातल्या किनाऱ्यावरचा, शिंपले भरलेला करळ दगड इतकाच जुना का? – सिन्नर

उत्तर : नाही. वाळू आणि शिंपले भरती-ओहोटीच्या पट्ट्यात चुन्याने सांधून तो झाला. वय काही हजार वर्षे. त्यातले शिंपले आजही त्या किनाऱ्यावर जिवंत सापडणाऱ्या जातींचे असतात. घरी तुकडा असेल तर गोड्या पाण्यात बुडवून रोज पाणी बदला, निदान दोन आठवडे. मीठ आत राहिले तर त्याचे स्फटिक फुलून दगड कडेने झडतो.