वाचकांचे प्रश्न : क्रॅकचे व्यसन, घर आणि वस्ती

प्रश्न : माझा मुलगा 26 वर्षांचा आहे. मुंबईतली नोकरी सोडून तो उन्हाळ्यात नागपूरला परत आला. तेव्हापासून तो रात्र रात्र जागा असतो आणि मग दोन दोन दिवस झोपून राहतो. त्याच्या ओठांवर आणि बोटांच्या टोकांवर भाजल्याचे डाग आहेत. भांडी घासायची तारेची घासणी त्याच्या खोलीत कातरलेली सापडली, तेव्हा मला काहीच उमगले नाही. नंतर काचेची एक काळवंडलेली नळीही सापडली. मुंबईत क्रॅक ओढायची सवय लागली आणि येताना आणलेले संपल्यावर आता एमडी घेतो, असे त्याने रडत सांगितले. हे व्यसन सुटते का? दवाखान्यात नेले तर पोलीस केस होईल, अशी ह्यांना भीती वाटते.
— एक आई, नागपूर

उत्तर : ताई, हे व्यसन सुटते. मात्र दारू सोडवण्याबद्दल आपल्याकडे जे सांगितले जाते, ते सगळे इथे लागू पडत नाही, म्हणून थोडे सविस्तर लिहितो.

क्रॅक म्हणजे धूर करून ओढता येईल अशा खड्यांच्या रूपातले कोकेन. नाकाने ओढलेल्या पावडरीचा अंमल चढायला काही मिनिटे लागतात, पण क्रॅकचा धूर फुप्फुसांतून काही सेकंदांत मेंदूपर्यंत पोहोचतो आणि त्याची धुंदी पाच-दहा मिनिटांत ओसरू लागते. सुखाची जाणीव देणारे डोपामिन हे द्रव्य मेंदूत एरवी आपले काम करून पुन्हा शोषले जाते. कोकेन ते शोषणच अडवते, त्यामुळे सुख अचानक उसळते आणि नशा उतरताना मन तितकेच खाली जाते. ते खाली जाणे सहन होत नाही म्हणून माणूस लगेच दुसरा खडा पेटवतो, आणि हे रात्रभर चालते. त्याचे जागरण आणि नंतरची दोन दिवसांची झोप यांचा अर्थ हाच आहे. एमडी, म्हणजे मेफेड्रोन, हे वेगळे रसायन असले तरी लवकर उतरणारी नशा आणि पुन्हा पुन्हा घेण्याची ओढ त्यातही आहे, त्यामुळे मुलाने एक व्यसन सोडून दुसरे धरले असे न समजता तेच व्यसन पुढे चालू आहे असे समजा.

जुन्या व्यसनी माणसाची दारू एकाएकी तोडली तर फिट येऊन जिवावर बेतू शकते. कोकेन थांबवल्यावर सहसा तसे होत नाही. त्याऐवजी गाढ झोप, अनावर भूक, चिडचिड, खोल खिन्नता आणि काही जणांच्या मनात जीव देण्याचे विचार येतात. म्हणून पहिल्या दिवसांत त्याला एकटे ठेवू नका, आणि तो नुसता लोळत पडतो म्हणून त्याला बोलही लावू नका. कोकेनमुळे तरुण वयातही हृदयविकाराचा झटका येतो, आणि सोबत दारू घेतल्यास यकृतात तयार होणारे कोकाएथिलीन हृदयाला आणखी जाचते. छातीत दुखू लागले तर त्याला तातडीने इस्पितळात न्या आणि त्याने काय घेतले ते तिथल्या डॉक्टरांना स्पष्ट सांगा, कारण हृदयासाठी एरवी दिली जाणारी काही औषधे अशा रुग्णाला देताना डॉक्टरांना फार जपावे लागते. लाजेपोटी ही एक गोष्ट लपवणे जिवावर बेतू शकते.

कोकेनचे व्यसन सोडवणारे मान्यताप्राप्त औषध अजून नाही. त्यामुळे एका इंजेक्शनात नशा सोडवण्याच्या जाहिरातींवर पैसे घालवू नका. उपयोग होतो तो नियमित समुपदेशनाचा, कोणत्या मित्रामुळे, कोणत्या वेळी आणि हातात किती पैसे आले की ओढ लागते हे त्याच्याबरोबर बसून हुडकण्याचा, आणि लघवीच्या तपासणीत नशा आढळली नाही की ठरलेले छोटे बक्षीस लगेच देण्याचा. ही शेवटची पद्धत पालकांना लाच दिल्यासारखी वाटते, पण कोकेनच्या बाबतीत सर्वांत भक्कम पुरावा तिच्याच बाजूने आहे, आणि मी स्वतः तिचा आग्रह धरतो. मेडिकल, मेयो किंवा मिहानमधले एम्स, या नागपुरातल्या सरकारी रुग्णालयांपैकी सोयीच्या ठिकाणी मानसोपचार विभागाच्या बाह्यरुग्ण तपासणीला त्याला घेऊन जा. प्रादेशिक मनोरुग्णालयही आपल्याच शहरात आहे. खासगी केंद्र निवडणार असाल तर आधी स्वतः आत जाऊन पाहा. रुग्णाला साखळीने बांधणे 2017 च्या मानसिक आरोग्य कायद्याने निषिद्ध आहे, आणि जिथे मारहाणीला शिस्त म्हणतात तिथे मुलाला एक दिवसही ठेवू नका.

आता पोलिसांविषयी. 1985 च्या एनडीपीएस, म्हणजे अमली पदार्थविरोधी, कायद्यानुसार नशा करणे हा गुन्हा आहे हे खरे. पण त्याच कायद्याच्या कलम 64अ प्रमाणे, सेवनाचा किंवा अल्प प्रमाणाशी संबंधित आरोप असलेली व्यसनी व्यक्ती स्वेच्छेने मान्यताप्राप्त ठिकाणी उपचार घेत असेल, तर तिला खटल्यापासून संरक्षण मिळू शकते. उपचार अर्धवट सोडले तर ते काढून घेतले जाऊ शकते. रुग्णाची माहिती गोपनीय ठेवणे डॉक्टरांवर बंधनकारक आहे. तेव्हा मुलाच्या वडिलांना सांगा की घरात साठा किंवा नळी सांभाळून ठेवण्यात जो धोका आहे, तो दवाखान्यात जाण्यात नाही.

प्रश्न : क्रॅकने अमेरिकेतील शहरांच्या वस्त्या उद्ध्वस्त केल्या, असे वाचले. आमच्या लेआउटमध्येही पानठेल्याजवळ पुड्या विकल्या जातात. नशा करणाऱ्या मुलांची नावे फलकावर लावावीत आणि त्यांच्या कुटुंबांना घरे रिकामी करायला सांगावीत, असा ठराव मंडळापुढे आला आहे. योग्य होईल का?
— मंडळाचे एक सदस्य, नागपूर

उत्तर : हा ठराव करू नका, अशी माझी कळकळीची विनंती आहे.

1980 च्या दशकाच्या मध्यावर न्यूयॉर्क, लॉस एंजेलिस, मायामी अशा शहरांत क्रॅक पसरले, कारण महागडे कोकेन पाच-दहा डॉलरच्या खड्यात मिळू लागले. आधीच कारखाने बंद पडून रोजगार गेलेल्या कृष्णवर्णीयांच्या गरीब वस्त्यांत उघडा बाजार भरू लागला, विक्रीच्या हद्दीवरून तरुण पोरांनी एकमेकांवर गोळ्या झाडल्या, मुले आजी-आजोबांच्या पदरी पडली. यानंतर सरकारने जे केले त्यातून आपण शिकण्यासारखे पुष्कळ आहे. 1986 च्या कायद्याने 5 ग्रॅम क्रॅकला जी किमान पाच वर्षांची कैद ठेवली, तीच पावडर कोकेनला 500 ग्रॅमवर ठेवली. पदार्थ मुळात एकच, पण कैदेत गेले ते बहुतांशी वस्तीतले किरकोळ विक्रेते आणि व्यसनी, आणि घरांतले कर्ते पुरुष वर्षानुवर्षे नाहीसे झाले. हे प्रमाण 100 पटींवरून 18 पटींवर आणायला 2010 साल उजाडले. क्रॅक घेणाऱ्या मातांची मुले म्हणजे कायमची बिघडलेली पिढी, अशी हाकाटी वर्तमानपत्रांनी केली होती. त्या मुलांचा वर्षानुवर्षे मागोवा घेतल्यावर ती भीती फार फुगवलेली निघाली आणि गरिबीचा परिणाम त्याहून ठळक दिसला. तोवर तो शिक्का त्या मुलांनी शाळेत सोसला होता.

नागपुरात क्रॅक विरळा आहे, कारण कोकेन दक्षिण अमेरिकेतून येते आणि महाग पडते. आपली चिंता एमडीची आहे, जे 2015 मध्ये एनडीपीएस कायद्याखाली आले, आणि तिथे तुम्ही पाहिलेली पुडीच मला सर्वांत भयावह वाटते, कारण पॉकेटमनीत बसणारी नशा कॉलेजच्या पोरापर्यंत विनासायास पोहोचते.

फलकावर नाव लागले की ते कुटुंब मुलाला दवाखान्याऐवजी खोलीत दडवते. विकणारा मात्र यादीत कधीच नसतो, त्याचे गिऱ्हाईक तेवढे पकडले जाते. घर सोडायला लावलेले कुटुंब दोन चौक पलीकडे राहायला जाईल, आणि मुलगा नशेसाठी त्याच ठेल्यावर येईल. पुड्या कोण, कोणत्या वेळी, कोणत्या गाडीवरून आणतो ही माहिती 1933 या अमली पदार्थविरोधी हेल्पलाइनवर द्या; विक्रेत्याशी स्वतः भिडू नका, आणि डोळ्यांदेखत मारामारी सुरू झाली तर 112 लावा. मंडळाला फलक लावायचाच असेल तर त्यावर 14446 हा व्यसनमुक्तीचा टोल-फ्री क्रमांक लिहा, आणि ज्या घरांतल्या मुलांची नावे फलकावर लावायचे मनात आहे, तिथे मंडळातल्या, दवाखान्यात सोबत जायची तयारी असलेल्या एखाद्या वडीलधाऱ्या बाईंना एकट्याने जाऊ द्या.