लिनक्स मिंटवर यूएसबी डोंगल वायफायऐवजी सीडी दाखवतंय? ड्रायव्हर शोधायच्या आधी हे बघा

मिंट 21 वर डोंगल लावलं की वायफायच्या यादीत काहीच येत नाही, उलट डेस्कटॉपवर एक सीडी येते आणि तिच्यात विंडोजची सेटअप फाइल दिसते, असं तुम्ही लिहिलंय. गडबड त्या सीडीतच आहे. रिअलटेक कंपनीची चिप असलेल्या बऱ्याच डोंगलमध्ये विंडोजचा ड्रायव्हर आतच भरलेला असतो, त्यामुळे लावल्या लावल्या ते आपण सीडी ड्राइव्ह असल्याचं सांगतं आणि ती सीडी इजेक्ट झाल्याशिवाय वायफाय म्हणून पुढे येतच नाही.

म्हणून गिटहबवरून (लोक ड्रायव्हरचा कोड ठेवतात ती साइट) आत्ताच काही उतरवू नका. टर्मिनलमध्ये एलएसयूएसबी (lsusb, जोडलेल्या यूएसबी वस्तूंची यादी दाखवणारी कमांड) चालवा, रिअलटेकच्या ओळीत 0बीडीए:1ए2बी (0bda:1a2b) हा आयडी दिसला तर ते अजून सीडीच आहे. सीडीच्या आयकॉनवर राइट क्लिक करून इजेक्ट करा, जरा थांबा आणि परत एलएसयूएसबी बघा. आयडीचा शेवटचा भाग सी811 (c811) झाला की समजा आत 8811सीयू चिप आहे. खोक्यावरच्या नावावर अजिबात जाऊ नका, त्याच नावाच्या डोंगलमध्ये कधी एक चिप निघते कधी दुसरी. इजेक्टचं काम दर वेळी हाताने करायला नको म्हणून यूएसबी-मोडस्विच पॅकेज टाकून ठेवा, बऱ्याचदा तेवढ्यावर भागतं.

आता आयडी बदलला तरी वायफाय नाहीच, तर कर्नल (लिनक्सचा गाभा, ज्यात बरेच ड्रायव्हर असतात) बघा. मिंट 21 मूळचं 5.15 वर आहे आणि ह्या चिपचा यूएसबी ड्रायव्हर कर्नलमध्येच आला तो 6.2 पासून, आरटीडब्ल्यू88 ह्या ड्रायव्हरमध्ये. अपडेट मॅनेजरच्या व्ह्यू मेनूत लिनक्स कर्नल्स आहे, तिथून 6.8 घ्या आणि रीबूट करा. तोवर नेट हवं तर मोबाइल केबलने जोडून यूएसबी टेदरिंग चालू करा, त्याला वेगळा ड्रायव्हर लागत नाही.

कोणी डीकेएमएसवाला, म्हणजे दर नव्या कर्नलसाठी परत बिल्ड होणारा बाहेरचा ड्रायव्हर सुचवेल. तो चालतो, पण सिक्युअर बूट (फक्त सही असलेलं सॉफ्टवेअर चालू देणारी सुरक्षा) चालू असेल तर सही नसलेलं मॉड्यूल, म्हणजे असा ड्रायव्हर, कर्नल आत घेत नाही, मग एमओके की (ती सही ओळखण्यासाठी तुमची स्वतःची की) नोंदवा, रीबूटला निळ्या स्क्रीनवर पासवर्ड द्या, आणि एवढं करून पुढच्या मोठ्या कर्नल अपडेटला तो बिल्डच झाला नाही तर वायफाय परत गायब. जुना कर्नल सोडणं शक्यच नसेल तरच त्या वाटेला जा. आधीच टाकून बसला असाल तर 6.8 वर जायच्या आधी तो काढा, नाहीतर एकाच डोंगलवर दोन ड्रायव्हर हक्क सांगायला लागतात.