२क्ष³ − ३क्ष + ५ ला क्ष + २ ने भागल्यावर माझी बाकी १९ का येते?

आपण लिहिले आहे की, २क्ष³ − ३क्ष + ५ या बहुपदीला क्ष + २ ने भागल्यावर आपला भागाकार २क्ष² − ७ आणि बाकी १९ येते, तर उत्तरसूचीत बाकी −५ दिली आहे. उत्तरसूची बरोबर आहे. आपली वही मी पाहिलेली नाही, पण १९ या संख्येवरूनच चूक कोठे झाली ते कळते, कारण दादरला घरी नववीच्या शिकवण्या घेताना हीच चूक मला वारंवार भेटते.

भाज्यात क्ष² चे पद नाही आणि आपण त्याच्यासाठी जागा राखली नाही. २क्ष³ ला क्ष ने भागून २क्ष² घेतले, इथवर सर्व ठीक आहे. परंतु त्याने भाजकाला गुणून आलेल्या २क्ष³ + ४क्ष² मधील ४क्ष² हे पद −३क्ष च्या खाली लिहिले गेले आणि वजाबाकीत −७क्ष तयार झाले. दोनशे पाच लिहिताना मधले शून्य गाळले तर पंचवीस उरतात, तसेच हे आहे.

म्हणून भाज्य आधी २क्ष³ + ०क्ष² − ३क्ष + ५ असे लिहावे. आता २क्ष³ + ४क्ष² वजा केल्यावर −४क्ष² उरते आणि −३क्ष खाली उतरते. −४क्ष² ला क्ष ने भागून −४क्ष येते. −४क्ष² − ८क्ष वजा करताना दोन्ही पदांची चिन्हे बदलावी लागतात, त्यामुळे −३क्ष + ८क्ष म्हणजे ५क्ष उरते. (चिन्हे बदलायची ती खालच्या संपूर्ण ओळीची; पुष्कळ मुले फक्त पहिल्या पदाचे बदलतात.) शेवटी ५ ने गुणून आलेले ५क्ष + १० हे ५क्ष + ५ मधून वजा केले की −५ उरतात. भागाकार २क्ष² − ४क्ष + ५, बाकी −५.

बाकीची कोटी (म्हणजे तिच्यातील क्ष चा सर्वांत मोठा घातांक) भाजकाच्या कोटीपेक्षा कमी झाली की थांबायचे. बाकी ऋण आली म्हणून बिचकू नये. क्ष = १० घेतल्यास भाज्य १९७५, भाजक १२ आणि भागाकार १६५ होतो; १२ × १६५ = १९८० आणि त्यातून ५ गेले की १९७५. संख्यांच्या नेहमीच्या भागाकारात आपण १६४ वर थांबून बाकी ७ लिहिली असती, कारण तिथे बाकी ऋण चालत नाही; बहुपदींमध्ये अट केवळ कोटीची असते.

मुलांना मी या प्रकरणापुरती चौकटीची वही आणायला सांगतो. नववीत गेल्यावर ती लहान मुलांची वही वाटून त्यांना थोडा संकोच होतो, परंतु एका घातांकाला एक रकाना दिला की रिकामा रकाना आपोआप डोळ्यांत भरतो.

पडताळा घ्यायचा असेल तर भाजक क्ष + २ असल्यामुळे शेष सिद्धांतानुसार भाज्यात क्ष = −२ (ज्या किमतीला भाजक शून्य होतो ती) घालावे, येणारी किंमत हीच बाकी: −१६ + ६ + ५ = −५. भाजक क्ष² + १ सारखा असेल तर मात्र ही सोय थेट मिळत नाही. तिथे भाजक आणि भागाकार यांच्या गुणाकारात बाकी मिळवून भाज्य परत येते का, ते पाहावे.