वाचक विचारतात : ग्रामर बरोबर, तरी क्लायंटला कळत नाही!

प्रश्न : मी पुण्यात आयटीत आहे, इंग्रजी ग्रामर चांगलं आहे पण कॉलवर अमेरिकन क्लायंट सारखा 'सॉरी?' म्हणतो. ॲक्सेंट बदलायला क्लास लावू का?

उत्तर : क्लासचे पैसे तूर्तास ठेवा खिशात. ॲक्सेंट मराठी असला तरी काही बिघडत नाही, अडतंय ते बहुतेक जोर कुठे द्यायचा तिथे. आपण मराठीत जवळपास सगळी अक्षरं सारख्याच वजनाने बोलतो आणि एखाद्या गोष्टीवर भर द्यायचा तर सरळ 'च' लावून मोकळे होतो, म्हणजे 'मी काल पाठवलं' आणि 'मी कालच पाठवलं'. इंग्रजीत असा 'च' नाही हो! तिथे तेच काम आवाज करतो, 'आय सेंट इट येस्टरडे' मध्ये 'आय' वर जोर दिला तर मीच पाठवलं, 'येस्टरडे' वर दिला तर कालच. आपण सगळं एका पट्टीत म्हटलं की समोरच्याला मुद्दा कुठला तेच कळत नाही.

शब्दातही तसंच. 'रेकॉर्ड' नाम असेल तर जोर पहिल्या भागावर, क्रियापद असेल तर दुसऱ्यावर. 'डेव्हलप' (इंग्रजीत उच्चार 'डि-व्हे-लप') मध्ये जोर 'व्हे' वर, आपल्याकडे निम्मी जनता 'डे' वर देते (मीटिंगमध्ये ऐका एकदा).

स्वतःचा कॉल परवानगी घेऊन रेकॉर्ड करा, आणि प्रत्येक वाक्यात एकच महत्त्वाचा शब्द निवडून तो जरा लांबवून, वरच्या सुरात म्हणून बघा.