10 एप्रिल 2006 ला दहा वर्षं भरली नाहीत म्हणून अर्ज फेटाळला, आता काय करायचं?

बीड जिल्ह्यातल्या एका भाऊंनी विचारलंय. सप्टेंबर 1998 ला एम्प्लॉयमेंट एक्सचेंजचा कॉल येऊन सरकारी वसतिगृहात शिपाई म्हणून लागले, 29-29 दिवसांच्या ऑर्डरी, मधी एक दिवस घरी, की परत नवी ऑर्डर, असं करत करत आज वय 52; सोबतचे एक जोडीदार तर जानेवारी 1996 पासूनचे. कायम करा म्हणून अर्ज दिला तर चार महिन्यांपूर्वी पत्र आलं की कट-ऑफ तारखेला दहा वर्षं पूर्ण नाहीत आणि सेवेत खंड आहे, सबब विनंती अमान्य. वरून आता साहेब म्हणायलेत की पुढच्या महिन्यापासून पगार एजन्सीकडून निघंल, ह्या फॉर्मवर सही करा.

दादा, आधी त्या फॉर्मचं बोलू. सही करू नका. तुम्ही एजन्सीचे कर्मचारी आहात असं एकदा स्वतःच लिहून दिलं की उद्या सरकारी वकील तोच कागद वर धरून म्हणणार, आमचा ह्यांचा संबंधच काय. फारच दाबलं तर "हक्क अबाधित ठेवून" असं सहीच्या वर हातानं लिहा, झेरॉक्स ठेवा, आणि त्याच दिवशी एक साधा अर्ज देऊन आवक-जावकचा शिक्का घ्या. तोंडी हरकतीला काही किंमत नसते.

आता तारखेचं. ही तारीख सुप्रीम कोर्टाच्या पाच न्यायमूर्तींच्या उमादेवी निकालाची आहे. त्यात मागच्या दारानं भरलेल्यांना कायम करू नका असं सांगितलं, पण मंजूर रिक्त पदावर, पात्रता असलेला माणूस, कोर्टाच्या स्टेच्या आधाराशिवाय दहा वर्षं राबला असंल आणि नेमणुकीत फक्त अनियमितता (म्हणजे प्रक्रियेत त्रुटी, पण नेमणूक मुळातच बेकायदा नाही) असंल, तर एकदाच म्हणून त्याचा विचार करा असंही सांगितलं. ऑफिसं पहिला भाग पाठ करतात अन दुसरा विसरतात. तुमची तेव्हा साडेसात वर्षं झालेली, म्हणजे ह्या चौकटीत तुम्ही सरळ बसत नाहीत हे खरंच आहे, उगं आशा लावत नाही. पण ती तारीखच बेकायदा म्हणून भांडू नका, कट-ऑफ कुठंतरी ठरवावीच लागते म्हणून कोर्ट त्यात शक्यतो हात घालत नाही, अन तुमची वर्षं त्यातच जातील.

तुमचा रस्ता दुसरा आहे. 2018 ला झारखंडच्या केसमध्ये कोर्टानं म्हटलं की राज्यच 2000 ला झालं, तिथं 2006 पर्यंत दहा वर्षं भरणार कुणाची, म्हणून नियम लागू झाले त्या तारखेला दहा वर्षं मोजा. आणि 20 डिसेंबर 2024 चा जग्गो निकाल तर तुमच्या लई जवळचा, केंद्रीय जल आयोगातले सफाईवाले आणि माळीकाम करणारे, 1993 ते 1999 च्या दरम्यान लागलेले, 2018 ला काढलेले. काम कायम स्वरूपाचं असताना वर्षानुवर्षं टेंपररी ठेवायचं आणि उमादेवीची ढाल पुढं करायची हे चालणार नाही म्हणत त्यांना परत घेऊन कायम करायला लावलं. ऑगस्ट 2025 च्या धरम सिंग निकालात पैशाची सबबही ऐकली नाही.

एक दिवसाचा खंड? ऑफिसनंच पाडलेला तो, तुम्ही गैरहजर नव्हतात. अशा कृत्रिम खंडाला कोर्ट फारसं भाव देत नाही, फक्त तो कृत्रिम आहे हे दिसायला पाहिजे.

इथंच खरी मेहनत आहे. कॉल लेटर, एक्सचेंजचं कार्ड, सगळ्या ऑर्डरी एका फायलीत लावा, कॉल लेटर तर जीवापाड जपा, कारण नेमणूक "अनियमित" की "बेकायदा" हा सगळा वाद त्या एका चिठ्ठीवर फिरणार. मग जोडपत्र अ भरून, दहा रुपयांचं कोर्ट फी तिकीट लावून माहिती अधिकारात आकृतीबंध (म्हणजे ऑफिसच्या मंजूर पदांचा तक्ता), रिक्त शिपाई पदं, 1998 पासूनचे हजेरीपट आणि पगारबिलं मागा. तीस दिवसांत उत्तर नाही आलं तर पहिलं अपील. "अभिलेख उपलब्ध नाही" असं आलं तर चिडू नका, तेही पत्र फायलीला लावा, रेकॉर्ड सांभाळायची जबाबदारी त्यांची होती.

जायचं कुठं? तुमचं राज्य सरकारचं खातं, म्हणून मॅटच्या, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या, औरंगाबाद खंडपीठात. थेट हायकोर्टात रिट टाकली तर आधी मॅटला जा म्हणतील. अमान्यतेच्या पत्रापासून एक वर्ष मुदत, त्यातले चार महिने गेलेत, आणि परत परत अर्ज दिल्यानं मुदत वाढत नाही, हे लोकांना कितीदा सांगावं! अर्जासोबतच जैसे थेचा आदेश मागा म्हणजे एजन्सीचं प्रकरण थांबंल. आणि कायमपद नाही मिळालं तर निदान 2016 च्या जगजित सिंग निकालाप्रमाणे त्या पदाच्या वेतनश्रेणीतलं किमान वेतन द्या, ही पर्यायी मागणी विसरू नका, फरक साधारण मागच्या तीन वर्षांचाच मिळतो.

आता तुम्ही लिहिलेले ते जोडीदार, जानेवारी 1996 पासूनचे. त्यांची तर 10 एप्रिल 2006 ला दहा वर्षं भरलेली! 2010 च्या केसरी निकालात स्पष्ट आहे की ज्यांची भरली होती पण विचार झाला नाही, त्यांचा विचार करावाच लागंल. म्हणून एकाच अर्जात दोघांची नावं घालून वकिलाची फी वाचवू नका, त्यांचा अर्ज वेगळा टाका, तुमच्या वादात त्यांची सरळ केस लटकायला नको.